दणक्याचं गाणं, मायबोलीतलं



घरात पोरांनी मोबाइलवर गाणं लावलं की आपण म्हणतो, “बंद कर तो गोंगाट!” त्यातल्याच एका प्रकाराला हेवी मेटल म्हणतात. यात विजेवरच्या गिटारचा आवाज मुद्दाम फाटल्यासारखा काढतात, ड्रम दणादण वाजतो आणि गाणारा टिपेला जातो. हे संगीत आलं इंग्लंडमधून.

बांगलादेशात ढाक्याच्या काही तरुणांनी १९८४ साली ‘वॉरफेझ’ नावाचा बँड काढला. आधी ते इंग्रजी गाणीच वाजवायचे. पुढे ते बंगालीत गाऊ लागले आणि १९९१ साली त्यांचा पहिला अल्बम आला. बाज परका, पण शब्द घरचे.

याच ढाक्यात २१ फेब्रुवारी १९५२ रोजी बंगाली भाषेच्या हक्कासाठी तरुणांनी गोळ्या झेलल्या. म्हणून तो दिवस आज जगभर मातृभाषा दिन म्हणून पाळतात. आपल्याला हे वेगळं सांगायला नको. निजामाच्या राज्यात आपल्या आज्या-आजोबांच्या पिढीला मराठी सोडून उर्दूत शिकावं लागायचं.

पुढच्या अल्बमांची नावं ऐका. १९९४ चा ‘अबाक भालोबाशा’. अबाक म्हणजे आपलं अवाक, भालोबाशा म्हणजे प्रेम. त्याच नावाचं गाणं संथ आहे, समुद्रकाठचं आहे. म्हणजे दणक्याच्या बँडला हळवंही गाता येतं. मग ‘जीवनधारा’, १९९८ चा ‘असामाजिक’, पुढे ‘आलो’ म्हणजे उजेड, ‘महाराज’, आणि २०१२ चा ‘सत्य’. बंगाली न शिकताही निम्मी नावं आपल्याला कळतात!

एवढ्या वर्षांत गाणारे बदलले, वाजवणारे बदलले. काही परदेशी गेले. बंगाली मात्र सुटली नाही. २०२४ साली ‘अबाक भालोबाशा’ हे गाणं ‘कोक स्टुडिओ बांगला’त नव्यानं सादर झालं, तेव्हा ते तीस वर्षांचं झालं होतं.

आपल्या नांदेड-लातूरकडची पोरंपोरीही आता मोबाइलवर गाणी रचतात. “आपल्या बोलीत लिहिलं तर लोक गावंढळ म्हणतील,” अशी भीती त्यांना वाटते. जात्यावर ओवी रचताना आपल्या आजीनं कुणाची परवानगी घेतली होती? लेकीनं असं गाणं ऐकवलं तर आवाज कमी करायला सांगा हवं तर, पण शब्द बदलायला सांगू नका. गटाच्या बैठकीत एकदा तिला गायला बोलवा.