निखाऱ्यांवरची चटणी

अलीकडे शहरांतील घरांच्या कपाटांत टोमॅटोच्या सॉसशेजारीं आणखी एक काळपट तांबडी बाटली दिसूं लागली आहे. तिच्यावर 'बार्बेक्यू सॉस' असें लिहिलेलें असतें. मुलें तो भाजलेल्या कणसाला लावतात, पनीरच्या तुकड्यांना फांसतात, प्रसंगीं पोळीशींहि खातात. ती बाटली फिरवून मागचा मजकूर वाचला तर साखर, शिर्का, टोमॅटोचा गर, मसाले आणि पुष्कळदां अगदीं शेवटीं 'धुराचा स्वाद' असे शब्द आढळतात. हा धूर बाटलींत कसा भरला, आणि तसा पदार्थ आपल्याला घरच्या घरीं करतां येईल कीं नाहीं, एवढाच आजचा विषय आहे. त्यासाठीं अमेरिकेपर्यंत जावें लागेल. पण सुरुवात पिंप्राळ्यापासून करणें मला अधिक सोयीचें वाटतें.

पिंप्राळा हें जळगांवला लागून असलेलें जुनें गांव. आतां तें शहरांतच सामावलें आहे. आषाढी एकादशीला तेथें विठ्ठलाचा रथ निघतो आणि पंचक्रोशींतील माणसें तो पाहावयास लोटतात. ह्याच दिवशीं चातुर्मास लागतो. चातुर्मास पाळणाऱ्या घरांतून कांदा, लसूण आणि वांगें हीं त्रयी रजा घेते. दोन दिवस आधीं येणारी कांदेनवमी ही तिची निरोपाची मेजवानी. पुढें मार्गशीर्ष शुद्ध षष्ठीला, म्हणजे चंपाषष्ठीला, खंडोबाला भरीत-रोडग्याचा नैवेद्य दाखवून वांगें पुन्हा घरांत येतें. खानदेशांत ह्या दिवसाला 'वांगेसट' असें खासें नांव आहे. धर्मशास्त्राचा भाग बाजूला ठेवला तरी ही योजना जिभेच्या दृष्टीनें मोठी शहाणपणाची आहे. पावसाळी वांगें किडकें आणि पाणचट. थंडी पडली म्हणजे तेंच फळ भरदार होतें.

आणि खानदेशचें भरताचें वांगें म्हणजे कांहीं साधें फळ नव्हे. तें जांभळें नसतें. फिकट हिरवें, वर पांढऱ्या रेषा, हातांत मावणार नाहीं असें मोठें, सालीला पातळ आणि बीं अगदीं थोडें. जळगांवजवळचें आसोदें आणि यावल तालुक्यांतील बामणोद हीं गांवें ह्या वांग्यांसाठीं नांवाजलेलीं आहेत. 'जळगांव भरीत वांगें' ह्या नांवाची २०१६ सालीं भौगोलिक निर्देशन म्हणून नोंद झाली. जळगांवच्या केळ्यालाहि तो मान त्याच वर्षीं मिळाला. त्या केळ्याकडे मी थोड्या वेळानें वळणार आहें.

भरीत करण्याची खरी जागा शेत. कापसाची वेंचणी होऊन गेली म्हणजे उभीं झाडें उपटून त्यांच्या वाळलेल्या काड्यांचा ढीग करतात. त्या काड्यांवर वांगीं टाकून जाळ लावला कीं बारीक काडी भराभर पेटते, साल कोळशासारखी काळी होते, आणि आंतला गर स्वतःच्याच वाफेंत शिजतो. जाळ बसला म्हणजे उरलेल्या निखाऱ्यांत वांगें फिरवीत राहावयाचें. मग साल काढून गर लांकडाच्या बडजींत घालतात व लांकडी मुसळीनें ठेंचतात. त्यांत तेलांत परतलेली हिरवी मिरची आणि लसूण, शेंगदाणे, खोबऱ्याचे काप, कांद्याची पात, कोथिंबीर. सोबत ज्वारी व सालासकट उडीद दळून केलेल्या कळण्याची भाकरी किंवा पुरी. ह्यांत चिंच नाहीं, गूळ नाहीं, काळा मसालाहि नाहीं. सगळा मान धुराला दिलेला आहे, आणि म्हणूनच ग्यासवर भाजलेल्या वांग्याचें भरीत खानदेशी माणसाला मुकें वाटतें.

ह्या धुरांत असतें तरी काय? लांकूड हें मुख्यतः तीन द्रव्यांचें बनलेलें असतें. त्यांतील सेल्युलोज आणि त्याचें भावंड हेमिसेल्युलोज जळतांना गोडसर वासाचीं व पदार्थाला तांबूस रंग देणारीं द्रव्यें निघतात. तिसरें जें लिग्निन, त्यापासून ग्वायकॉल व सिरिंगॉल ह्यांसारखीं फेनॉल वर्गांतील द्रव्यें निघतात. आपण ज्याला 'धुराचा वास' म्हणतों तो मुख्यतः ह्या तिसऱ्या घराण्याचा. हीं द्रव्यें तेला-तुपांत सहज विरघळतात. म्हणून कोरड्या पदार्थापेक्षां स्निग्ध पदार्थ धूर अधिक धरतो. एवढें एक सूत्र ध्यानांत ठेवलें म्हणजे पुढची सगळी कृति समजते. जातां जातां एक सांगून ठेवतों. कापसावर औषधांच्या फवारण्या पुष्कळ होतात. २०१७ सालीं महाराष्ट्रांत गुलाबी बोंडअळीनें जो कहर केला तो शेतकरी विसरलेले नाहींत. तेव्हां परंपरेचा पूर्ण आदर राखूनहि मी स्वतः तुरीच्या काड्या किंवा बाभळीचा कोळसा पसंत करीन. चवींत फारसें उणें पडत नाहीं.

आतां अमेरिकेकडे वळूं. 'बार्बेक्यू' हा शब्द कॅरिबियन बेटांवरील टायनो लोकांचा. विस्तवावर उभारलेल्या काटक्यांच्या मांडवाला ते जें म्हणत त्याचें स्पॅनिश लोकांनीं 'बार्बाकोआ' केलें. ह्या पद्धतींत मांस मंद धुरावर तासन्‌तास ठेवतात, आणि त्याला लावावयाची आंबट-तिखट चटणी ती ही सॉस. तीहि सगळीकडे एक नाहीं. नॉर्थ कॅरोलिनाच्या पूर्वेकडे ती केवळ शिर्का आणि मिरची ह्यांची. साउथ कॅरोलिनांत मोहरीची. कॅन्सस सिटीला टोमॅटो आणि काकवीची, दाट व गोड. आपल्याकडे बाटलींतून जी येते ती ह्या तिसरीची धाकटी बहीण. बाटलींतला धूर ही मागाहूनची युक्ति. लांकडाचा धूर थंड करून त्याचें पाणी करावयाचें, असा उद्योग कॅन्सस सिटींतील अर्नेस्ट राइट नांवाच्या औषधविक्रेत्यानें १८९५ सालीं आरंभिला. पुढें १९४० सालीं हाइन्झ कंपनीनें बार्बेक्यू सॉसची बाटली बाजारांत आणली, आणि अंगणांतली वस्तु दुकानांतली झाली.

गंमत अशी कीं ह्या परदेशी चटणींत आपलें बरेंच सामान आहे, व आपल्या चटणींत त्यांचें. मिरची आणि टोमॅटो अमेरिका खंडांतून आपल्याकडे आलीं. उलट तिकडच्या अनेक घरगुती कृतींत जो वूस्टरशायर सॉस घालतात त्यांत चिंच असते. आणि जळगांवकरांनीं लक्ष द्यावें अशी गोष्ट फिलिपाइन्सची आहे. तेथें टोमॅटो दुर्मिळ आणि केळीं विपुल. तेव्हां केळ्यांचा गर, शिर्का, साखर व मसाले ह्यांचा लाल सॉस तेथें तयार झाला. त्याचें श्रेय मारिया ओरोसा ह्या अन्नशास्त्रज्ञ बाईंना देतात. १९४५ सालीं मनिलाच्या लढाईंत त्या मारल्या गेल्या. त्यांचा तो सॉस मात्र आजहि तिकडे निखाऱ्यांवरच्या मांसाला फांसतात. रावेर-यावलच्या केळींच्या बागांपासून हांकेच्या अंतरावर राहणाऱ्या आपल्या गृहिणींनीं पिकून काळीं पडलेलीं केळीं टाकून द्यावीं आणि साखरेच्या पाकाची बाटली विकत आणावी, हें मला कांहीं रुचत नाहीं.

धुराची चटणीहि खानदेशी स्वयंपाकघराला परकी नाहीं. शेवभाजीला किंवा मटणाला जें काळें वाटण लागतें त्यासाठीं अख्खा कांदा सालासकट निखाऱ्यांत पुरतात, सुक्या खोबऱ्याची वाटी ज्वाळेवर धरून पेटूं देतात, आणि मग आलें-लसूण व काळ्या मसाल्यासह पाट्यावर वाटतात. खोबऱ्यांतील तेल धूर कसा धरून ठेवतें हें पूर्वीच्या बायकांना रसायनशास्त्रावांचून कळलें होतें. ह्याच हातोटीनें आपण बार्बेक्यूची चटणी करूं.

अर्धा किलो पिकलेले लाल टोमॅटो, दोन मध्यम कांदे आणि लसणीचा एक अख्खा गड्डा निखाऱ्यांवर भाजावा. साल काळी होऊन गर मऊ झाला पाहिजे. कोळसा झालेलें साल काढून टाकावें. तो कडूपणा चव नव्हे, आणि काजळी पोटाला हितकारकहि नव्हे. चार सुक्या लाल मिरच्या कोमट पाण्यांत भिजवाव्या. ह्या सर्वांबरोबर एक चांगलें पिकलेलें केळें घालून बारीक वाटावें व चाळणींतून गाळून घ्यावें. लिंबाएवढी चिंच भिजवून तिचा कोळ काढून ठेवावा. कढईंत दोन मोठे चमचे तेल तापवून आंच मंद करावी, त्यांत चहाचा एक चमचा काळा मसाला व अर्धा चमचा मोहरीची पूड क्षणभर परतावी, आणि मसाला करपण्यापूर्वींच वाटण ओतावें. चिंचेचा कोळ व मीठ घालून वीस मिनिटें शिजूं द्यावें. गूळ, सुमारें सत्तर ग्रॅम, त्यानंतर घालावा. आधीं घातला तर तो बुडाला लागतो. पुढें आणखी दहा मिनिटांत चटणी चमच्याच्या पाठीला चिकटून राहील इतकी दाट होते. शेवटीं दोन चमचे शिर्का. कल्हई नसलेलें तांब्या-पितळेचें भांडें मात्र वापरूं नये. चिंच तें खाते आणि चटणी विषारी होते. लोखंडी कढईंत ती काळवंडते व तिला लोखंडाची चव येते, म्हणून स्टीलचें जाड बुडाचें पातेलें बरें.

ज्यांच्या घरीं शेगडी नाहीं त्यांनीं भाज्या ग्यासच्या ज्वाळेवर भाजाव्या आणि धूर मागाहून द्यावा. तयार चटणीच्या पातेल्यांत एक वाटी ठेवावी, तींत बाभळीच्या कोळशाचा एकच धगधगीत निखारा टाकावा, वर अर्धा चमचा तूप सोडून झांकण घट्ट लावावें. ह्यालाच धुंगार देणें म्हणतात. पांच मिनिटें पुरेत. अधिक वेळ ठेवल्यास चटणीला डांबराचा वास येऊं लागतो.

येथें एक गोष्ट मला आग्रहानें सांगावयाची आहे. कोळशाची पेटती शेगडी बंद खोलींत कदापि ठेवूं नये. कोळशापासून कार्बन मोनॉक्साइड नांवाचा वायु निघतो. त्याला रंग नाहीं, वास नाहीं, आणि माणूस झोंपेंतल्या झोंपेंत जातो. हिंवाळ्यांत खोली उबदार राहावी म्हणून रात्रीं शेगडी आंत घेणारीं घरें अजूनहि आहेत. भाजणें तें गच्चीवर किंवा अंगणांतच करावें, आणि धुंगाराचा निखारा काम होतांच चिमट्यानें काढून पाण्यांत विझवावा. चुलीच्या धुरानें आपल्या आया-आज्यांचे डोळे आणि फुफ्फुसें कशीं झिजलीं हें आपण पाहिलेलें आहे. धुराची चव हवी म्हणून तो जुना जाच पुन्हा घरांत आणण्याचें कांहीं कारण नाहीं.

चटणी उकळून वाळविलेल्या कांचेच्या बरणींत भरून थंड कपाटांत ठेवली तर दोन आठवडे सहज टिकते. काढतांना चमचा मात्र कोरडा असावा. पनीर, बटाट्याचे काप, वांग्याच्या चकत्या, कोंबडी किंवा मक्याचें कणीस ह्यांपैकीं कशालाहि ती चालते. पण ती आरंभींच फांसूं नये. गुळामुळें ती लौकर जळते व पदार्थ आंतून कच्चा राहतो. आधीं पदार्थ नुसत्या तेल-मिठावर भाजून घ्यावा, आणि उतरण्यापूर्वीं शेवटचीं चार-पांच मिनिटें राहिलीं असतां चटणीचा हात दोन्ही बाजूंनीं फिरवावा. भरताच्या वांग्याला मात्र ती लावूं नये. त्याला तिची गरज नाहीं.