छेदातील चलराशी आणि गावचा व्यवहार
(माध्यमिक शिक्षकांच्या मेळाव्यातील भाषण)



अतिसाराने गळून गेलेल्या बालकास जलसंजीवनी पाजावी, हे आज खेडोपाडी सर्वांना ठाऊक आहे. १९७१ साली बनगाव येथील निर्वासितांच्या छावणीत डॉ. दिलीप महालनबीस यांनी अशाच साध्या द्रावणाने असंख्य रुग्णांचे प्राण वाचविले. परंतु जलसंजीवनीची पुडी किती पाण्यात विरघळवावी, हा प्रश्न वैद्यकाइतकाच गणिताचाही आहे.

एक लिटर पाण्यासाठी तयार केलेल्या प्रमाणित पुडीत साधे मीठ २.६ ग्रॅम असते. पाणी एक लिटर घेतल्यास दर लिटरमागे मीठ २.६ ग्रॅम राहते. पाणी अर्धा लिटर घेतल्यास ते ५.२ ग्रॅम होते, आणि तीच पुडी २०० मिलिलिटरच्या पेल्यात रिकामी केल्यास १३ ग्रॅमवर जाते. पाणी एकपंचमांश झाले की खारटपणा पाचपट वाढतो, आणि असे तीव्र द्रावण बालकास अपायकारक ठरते. उलटपक्षी, दोन लिटर पाणी घातल्यास प्रमाण १.३ ग्रॅमवर उतरते आणि द्रावणाचा अपेक्षित गुण येत नाही. बाजारात २०० मिलिलिटरसाठीच्या लहान पुड्याही मिळतात. म्हणून पुडीवरील सूचना वाचणे अगत्याचे आहे. घरातील शाळकरी मुलीस हे गणित उमगले असेल, तर ती आईचा हात वेळीच थांबवू शकेल.

पाण्याचे माप 'क्ष' लिटर मानल्यास मिठाचे प्रमाण '२.६ भागिले क्ष' असे लिहिता येते. ज्या राशीच्या अंशस्थानी व छेदस्थानी बहुपदी असते, तिला गणितात परिमेय फल म्हणतात. चुकून अर्ध्या लिटरात पुडी घातली गेली आणि नंतर 'क्ष' लिटर पाणी वाढविले, तर छेद '०.५ अधिक क्ष' होतो. आणखी अर्धा लिटर पाणी घातले की द्रावण पूर्ववत योग्य होते, हे विद्यार्थी स्वतःच शोधून काढतात. पाणी कितीही वाढविले तरी मिठाचे प्रमाण शून्याच्या जवळ जाते, शून्य मात्र होत नाही. आलेखावरील वक्र रेषेजवळ येत राहतो पण तिला भेटत नाही, याचा अर्थ मुलांना येथे सहज कळतो.

दुसरे उदाहरण शाळेच्या सहलीचे. बसचे भाडे ६००० रुपये आणि प्रत्येकाच्या जेवणाचा खर्च ८० रुपये असे समजू. मुलांची संख्या 'क्ष' असल्यास दरडोई खर्च '६००० भागिले क्ष, अधिक ८०' इतका येतो. ३० मुले असतील तर २८० रुपये, ४० असतील तर २३० रुपये आणि ५० असतील तर २०० रुपये. पहिली दहा मुले वाढल्याने ५० रुपये वाचले, पुढील दहांमुळे केवळ ३०. मुले कितीही वाढली तरी खर्च ८० रुपयांच्या खाली उतरणार नाही. परंतु बसमध्ये आसने ५० च असतील, तर एक्कावन्नाव्या मुलासाठी दुसरी बस लागेल आणि हे सूत्र तेथेच संपेल. सूत्र कोठवर चालते, हे ओळखणे हा शिक्षणाचाच भाग होय.

तिसरे उदाहरण नदीचे. स्थिर पाण्यात ताशी ८ किलोमीटर चालणारी होडी १२ किलोमीटर जाऊन परत येते. प्रवाह नसल्यास तिला ३ तास लागतात. प्रवाह ताशी ४ किलोमीटर असल्यास जाताना १ तास व येताना ३ तास, म्हणजे एकूण ४ तास लागतात. जाताना झालेला लाभ येतानाची हानी भरून काढीत नाही. प्रवाह ताशी ७ किलोमीटर झाला तर एकूण वेळ १२.८ तासांवर जातो आणि प्रवाह ताशी ८ किलोमीटर झाल्यास होडी परतच येऊ शकत नाही. 'छेद शून्य नसावा' हा पुस्तकातील कोरडा नियम येथे जिवंत होतो. मात्र मांडवीच्या मुखाकडील भागात भरती-ओहोटीने प्रवाहाची दिशाच पालटते. तेथे हे सूत्र जसेच्या तसे लावता येणार नाही. नदीकाठची मुले हा आक्षेप शिक्षकांच्या आधी घेतील आणि त्यांनी तो घ्यावा.

ही दृष्टी आपल्याकडे परकी नाही. भास्कराचार्यांच्या ११५० सालच्या 'लीलावती'त व्यस्त त्रैराशिक आहे. एकटा असता अनुक्रमे एक दिवस, अर्धा, तृतीयांश व षष्ठांश दिवसात कुंड भरणाऱ्या चार झऱ्यांचे गणितही तेथे आहे. चारही एकदम सोडल्यास कुंड दिवसाच्या बाराव्या भागात भरते. राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखडा २००५ नंतर तयार झालेल्या नववी-दहावीच्या राष्ट्रीय पाठ्यपुस्तकांतही गणिती प्रतिमानांवर स्वतंत्र परिशिष्टे देण्यात आली.

वर्गात याचा क्रम साधा ठेवावा. प्रथम प्रसंग शब्दांत मांडावा आणि काय स्थिर, काय बदलते ते ठरवावे. मग सूत्र लिहून कोष्टक व आलेख काढावा. शेवटी उत्तर व्यवहाराशी पडताळून पाहावे. ही शेवटची पायरी बहुधा वेळेअभावी गाळली जाते, आणि तीच सर्वांत मोलाची आहे. त्यासाठी महागडी साधने नकोत; मापाचे भांडे, आलेखाचा कागद आणि गावातील एखादा खरा प्रश्न पुरेसा आहे.

दहावीनंतर अनेक मुलामुलींचा गणिताशी संबंध सुटतो. तो सुटण्यापूर्वी, वाटेकरी वाढले की वाटा कसा घटतो आणि पाणी घटले की औषध कसे तीव्र होते, एवढे तरी त्यांच्या हाती पडावे. ग्रामस्थांनी आपले प्रश्न शाळेपर्यंत न्यावेत, अधिकाऱ्यांनी आपल्या कामातील आकडे खुले करावेत आणि शिक्षकांनी ते फळ्यावर मांडावेत. असे झाल्यास गणिताचा तास गावाच्या उपयोगी पडेल.