सही करण्याआधी विचारा

आमच्या गटातल्या एका ताईंचे पती सरकारी कार्यालयात शिपाई होते. ते वारले. तेराव्यालाच घरात ठरलं, "नोकरी दिराला लावू, तू फक्त सही कर." ताई सही करणारच होत्या. आम्ही म्हटलं, थांबा, आधी नियम विचारू.

आपल्या राज्यात अनुकंपा नोकरी गट क आणि गट ड मध्ये मिळते. पत्नी, मुलगा, मुलगी यांचा त्यात विचार होतो. भावाचा विचार होतो, पण कर्मचारी अविवाहित असेल तरच. म्हणजे दिराला ती मिळणारच नव्हती, आणि ताईंची संधी मात्र हुकली असती.

ही नोकरी वारसाहक्क नाही. अचानक आलेल्या संकटातून घर सावरावं म्हणून ती आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९४ साली सांगितलं. म्हणून अर्जाला मुदत असते. दुःखात दिवस कसे जातात कळत नाही, तेव्हा गटाने सोबत जायचं. अर्जाची पोच घ्यायची, प्रतीक्षा यादीतला क्रमांक विचारत राहायचं.

ताईंचं नाव आता यादीत आहे. नोकरी अजून लागलेली नाही. पण अर्जावर सही त्यांची आहे, त्यांच्याच नावासाठी.