पक्षिपंख फुलपाखरू आणि ईश्वरीची वेल



देवळाच्या प्राकारात फुलझाडे लावली की फुलपाखरे येतात, असा सार्वत्रिक समज आहे. तो अर्धाच खरा आहे. फुलांवर फुलपाखरू केवळ जेवावयास येते. त्याचा वंश वाढतो तो पानांवर, आणि तोही वाटेल त्या पानांवर नव्हे.

‘सदर्न बर्डविंग’, अर्थात दाक्षिणात्य पक्षिपंख, हे आपल्या सह्याद्रीचेच अपत्य. पश्चिम घाट व त्यालगतचा प्रदेश सोडल्यास ते जगात अन्यत्र आढळत नाही. गोव्यात रानांत आणि रानालगतच्या कुळागरांत ते दिसते. डच अभ्यासक पीटर क्रामर याच्या ग्रंथात १७७९ साली त्यास क्रीट बेटाच्या पुराणप्रसिद्ध मिनोस राजाचे नाव दिले गेले. पुढचे पंख मखमली काळे, मागचे सोनेरी पिवळे. मादी नराहून मोठी. १९३२ साली नोंदलेल्या एका फुलपाखराचा पंखविस्तार १९० मिलिमीटर होता. भारतातील सर्वांत मोठे फुलपाखरू हा त्याचा मान २०२० साली हिमालयातील त्याच्याच कुळीच्या गोल्डन बर्डविंगने हिरावून घेतला, तोही अवघ्या चार मिलिमीटरांनी!

एवढे हे ऐश्वर्य, परंतु मादी अंडी घालते ती ईश्वरीच्या, म्हणजे सापसंदाच्या, वेलीवर आणि त्या वेलीच्या मोजक्या भाईबंदांवर. अळी तांबूस-तपकिरी; अंगभर मांसल काटे आणि मध्यभागी फिकट तिरपा पट्टा. वेलीतील विष तिच्या अंगात साठते व पुढे फुलपाखरातही उतरते. म्हणून पक्षी सहसा त्याच्या वाटेस जात नाहीत. (हेच विष माणसाच्या मूत्रपिंडास घातक आहे, हे घरगुती औषधे करणाऱ्यांनी ध्यानी घ्यावे.) यथाकाल अळी कोषात जाते. रेशमी धाग्याने देठास बांधलेला तो कोष वाळक्या पानासारखा दिसतो आणि डिवचल्यास फुत्कारतो.

ईश्वरीची वेल दिसावयास सामान्य. फुले फिकट, नळीसारखी. पूजेत त्यांना स्थान नाही. त्यामुळे पावसाळ्यानंतर गडग्याकडेचे रान तासले जाते, तेव्हा ती निमूट कोयत्याखाली जाते आणि तिच्यावरील अंडी-अळ्या पाचोळ्याबरोबर जळतात. प्राकारातील फुलझाडे फुलतच राहतात. फुलपाखरू मात्र दिसेनासे होते. एखाद्या कोपऱ्यात झाडाच्या आधाराने ही वेल राखण्यास देवस्थानास दमडीचाही खर्च नाही. एकीने मात्र भागणार नाही. वाढत्या अळ्या बघता बघता वेल निष्पर्ण करतात; तीन-चार वेली जवळजवळ असाव्यात. पाने कुरतडलेली दिसली तरी फवारणी करू नये. वेल मुळापासून पुन्हा फुटते.