अशक्तपणाचा आकडा : रक्तातलं पोटॅशियम आणि आपण

(इंदापूर तालुक्यातल्या बचत गटांच्या बैठकीत केलेल्या भाषणाचं शब्दांकन)



आज मला तुमच्याशी रक्तातल्या एका आकड्याबद्दल बोलायचं आहे. मी डॉक्टर नाही. एम.एस.डब्ल्यू. केलं आणि गेली काही वर्षं बारामती आणि इंदापूर तालुक्यांत बायकांबरोबर दवाखान्यात जाणं, त्यांचे कागद वाचून दाखवणं, योजनेचे अर्ज भरणं हे काम करते. या कामात हा आकडा पुन्हा पुन्हा समोर आला, म्हणून डॉक्टरांना विचारून विचारून समजून घेतला. जे समजलं ते सांगते.

सुरुवात शेतापासून करू. नत्र, स्फुरद, पालाश हे तीन शब्द इथल्या प्रत्येकीच्या कानावरून गेलेले आहेत. उसाला, डाळिंबाला, केळीला पालाश किती घालायचा हे ठरवायला माती तपासून आणतात. हा पालाश म्हणजे पोटॅश. हंफ्री डेव्ही या इंग्रज शास्त्रज्ञाने १८०७ साली पोटॅशमधूनच पोटॅशियम वेगळं काढलं. तेच पोटॅशियम आपल्या शरीरात आहे. शेताचा पालाश घरातल्या माणसांना तोंडपाठ असतो. घरातल्या बाईच्या रक्तातला पालाश किती, हे मात्र कुणी विचारलेलं नसतं.

शरीरातलं साधारण ९८ टक्के पोटॅशियम पेशींच्या आत असतं आणि जेमतेम २ टक्के बाहेर, म्हणजे रक्तात वगैरे. आत भरपूर आणि बाहेर थोडं, या फरकावर आपल्या नसा, स्नायू आणि हृदय चालतं. म्हणून रक्तातला आकडा अगदी अरुंद पट्ट्यात राहावा लागतो. एका लिटरमागे ३.५ ते ५ मिलीइक्विव्हॅलंट हे सर्वसाधारण प्रमाण. प्रयोगशाळेप्रमाणे वरची मर्यादा ५.१ किंवा ५.५ अशी थोडी वेगळी छापलेली दिसेल. ३.५ च्या खाली कमी, २.५ च्या खाली धोक्याचं. वरच्या बाजूला ५.५ च्या पुढे गेलं तर डॉक्टरांनी लगेच लक्ष घालायला हवं, आणि ६.५ च्या आसपास गेलं तर जिवाशी गाठ. हा समतोल मुख्यतः मूत्रपिंडं, म्हणजे किडन्या राखतात. जास्तीचं पोटॅशियम त्या लघवीवाटे बाहेर टाकतात.

आता दोन बायकांची गोष्ट सांगते. नावं सांगत नाही.

पहिली चाळिशीतली. चार दिवस उलट्या-जुलाब झाले. पाचव्या दिवशी पाय उचलेनात. पोट फुगलं, छातीत धडधड. घरात कुणी म्हणालं वारं गेलं, कुणी म्हणालं कामाचा कंटाळा. गावातल्या दवाखान्यात दोन सलाईन लावली, तरी पाय उचलेनात. शेवटी मोठ्या दवाखान्यात रक्त तपासलं, पोटॅशियम २.४.

दुसरी साठीच्या जवळची. साखर आणि रक्तदाब दोन्ही. गुडघे दुखतात म्हणून मेडिकलमधून आणलेल्या दुखण्याच्या गोळ्या रोज खात होती. तिलाही हातापायांत त्राण राहिलं नाही, मळमळायला लागलं. अशक्तपणा आहे म्हणून लेकाने मायेने रोज दोन शहाळी आणून पाजली. तिचं पोटॅशियम निघालं ६.८. हृदयाचे ठोके मंदावले होते.

दोघीही वेळेत पोचल्या, बऱ्या झाल्या. पण बघा, एकीचं कमी, एकीचं जास्त, आणि दोघींच्या तोंडी तक्रार एकच : "अंगात त्राण नाही." बाहेरून बघून कुणालाच फरक कळला नसता. पहिलीला पोटॅशियम हवं होतं, ते मिळालं नाही. दुसरीला ते विष झालं होतं, आणि घरच्यांनी ते शहाळ्यातून पाजलं. म्हणून बाईच्या अशक्तपणावर अंदाजाने उपाय करू नका, एवढंच मी आज सांगायला आले आहे.

आपल्याकडे अशक्तपणाचा ठरलेला उपाय म्हणजे सलाईन. बाटली लावली की ताकद येते, असा समज. साधं सलाईन म्हणजे मिठाचं पाणी. त्यात पोटॅशियम नसतं. घरी केलेल्या मीठ-साखर-पाण्यातही नसतं. जलसंजीवनीच्या पाकिटात मात्र असतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या सूत्राप्रमाणे एका लिटरच्या पाकिटात दीड ग्रॅम पोटॅशियम क्लोराइड असतं. हे पाकीट आशाताईकडे, प्राथमिक आरोग्य केंद्रात मिळतं. जुलाब सुरू झाले की पहिल्या दिवसापासून तेच द्या. पाकीट हाताशी नसेल तर मीठ-साखर-पाणी द्याच, पण पाकीट मागवा.

पोटॅशियम कमी का होतं? उलट्या, जुलाब, दिवसांत राहिल्यावर होणाऱ्या सततच्या उलट्या, लघवी जास्त होण्यासाठी दिलेल्या फुरोसेमाइडसारख्या गोळ्या, पोट साफ व्हायला रोज घेतलेली जुलाबाची औषधं. शिवाय नीट न जेवणं. जागतिक आरोग्य संघटना सांगते, मोठ्या माणसाने दिवसाला किमान ३,५१० मिलिग्रॅम पोटॅशियम खावं. ते डाळी, पालेभाज्या, बटाटा, रताळं, फळं यांतून मिळतं. पण जी सगळ्यांना वाढून उरलेल्या रश्शाबरोबर भाकरी खाते, तिच्या वाट्याला त्यातलं किती येतं? उजनीच्या काठाला केळी आणि इंदापूरला डाळिंब पिकतं, ते गाडीत भरण्याचं काम बायकाच करतात. खायला त्यांच्या हातात किती पडतं, हे तुम्हीच सांगा.

आणि जास्त का होतं? मुख्य कारण किडन्या कमजोर होणं. साखर आणि रक्तदाब वर्षानुवर्षं आटोक्याबाहेर राहिले की किडन्या झिजतात. वर रक्तदाबाच्या काही गोळ्या पोटॅशियम वाढवतात. ज्यांच्या नावाच्या शेवटी 'प्रिल' किंवा 'सार्टन' असतं त्या, आणि स्पायरोनोलॅक्टोन. या गोळ्या चांगल्या आहेत, किडनीला जपणाऱ्याही आहेत. मनाने बंद करू नका. पण त्या सुरू असताना मधूनमधून रक्त तपासून घ्यायचं असतं. डायक्लोफिनॅक, आयबुप्रोफेनसारख्या दुखण्याच्या गोळ्या किडनीवर ताण आणतात आणि पोटॅशियमही वाढवतात. रक्तदाबासाठी म्हणून जे कमी सोडियमचं मीठ विकतात, त्यात सोडियमच्या जागी पोटॅशियम घातलेलं असतं. धडधाकट माणसाला ते चालतं. किडनीच्या आजारात आणि या गोळ्या चालू असताना ते डॉक्टरांना विचारल्याशिवाय वापरू नये.

इथे ऊसतोड करणाऱ्या बहिणींची आठवण ठेवली पाहिजे. माळेगाव, सोमेश्वरनगर, भवानीनगर इथल्या कारखान्यांसाठी दर हंगामात टोळ्या येतात. नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. पहाटे फडात उतरायचं, उन्हात मोळ्या डोक्यावर वाहायच्या, खाडा झाला तर पैसे कापले जाणार, म्हणून अंग दुखलं की गोळी खायची. फडात संडास नाही, आडोसा नाही, म्हणून बाई पाणीच कमी पिते. ऊन, अपुरं पाणी आणि दुखण्याच्या गोळ्या, हे तिन्ही मिळून किडनीचा घात करतात. बाईने पाणी प्यावं असा उपदेश करणं सोपं आहे. तिला मोकळं व्हायला जागा हवी, ही मागणी मुकादमाकडे आणि कारखान्याकडे करावी लागेल.

आता तपासणीबद्दल. अहवालात 'सिरम इलेक्ट्रोलाइट्स' या मथळ्याखाली सोडियम, पोटॅशियम, क्लोराइड असे आकडे असतात. रक्त घेताना दंड फार वेळ करकचून बांधला, मूठ सारखी उघडझाप करायला लावली, किंवा नमुना गावातून शहरात पोचायला फार उशीर झाला, तर पेशींच्या आतलं पोटॅशियम बाहेर येतं आणि आकडा खोटाच वाढलेला दिसतो. म्हणून आकडा अचानक जास्त आला तर विचारा : "नमुना पुन्हा घ्यायचा का? हृदयाचा आलेख काढायचा का?" पण आकडा खोटा असेल म्हणत घरी बसू नका. खरोखर वाढलं असेल तर हृदयाच्या संरक्षणासाठी कॅल्शियमचं इंजेक्शन, मग ग्लुकोजबरोबर इन्शुलिन, गरज पडली तर डायलिसिस, असे उपचार दवाखान्यातच होतात. कमी असेल तर औषध तोंडाने किंवा सलाईनमधून हळूहळू देतात. तेही देखरेखीखालीच.

किडनीचा आजार असलेल्यांना डॉक्टर पोटॅशियमचं पथ्य सांगतात. बटाटा किंवा भाजी सोलून, बारीक चिरून, भरपूर पाण्यात उकळायची आणि ते पाणी फेकून द्यायचं, म्हणजे बरंच पोटॅशियम निघून जातं. शहाळं, केळं, सुका मेवा, गूळ यांचं प्रमाण विचारून ठरवायचं. नवऱ्याला पथ्य असलं की घरात दोन भाज्या शिजतात. बाईला पथ्य असलं तर? "माझ्या एकटीसाठी कुठे वेगळं करू," असं म्हणून ती सगळ्यांच्या कालवणातलंच वाढून घेते. डायलिसिस बहुतेकांना आठवड्यातून दोन-तीनदा लागतं. एखादी फेरी चुकली की पोटॅशियम साचतं. सुपे-मोरगावच्या जिरायती पट्ट्यातून येणाऱ्या बाईची फेरी चुकते, कारण बरोबर यायला कुणाला सवड नसते. महात्मा जोतिराव फुले जनआरोग्य योजनेत डायलिसिसचा समावेश आहे. म्हणजे अडतं ते नुसत्या पैशापाशी नाही. आपल्या देशात जिवंतपणी किडनी देणाऱ्यांत बायका जास्त, आणि किडनी मिळणाऱ्यांत पुरुष जास्त. घरात कुणाचा जीव किती मोलाचा धरला जातो, ते यात दिसतं.

तेव्हा गटात चार गोष्टी ठरवू या. ज्यांना साखर किंवा रक्तदाब आहे अशा बायकांची यादी करायची, आणि त्यांचं क्रिएटिनिन आणि पोटॅशियम डॉक्टर सांगतील तेव्हा तपासलं जातं ना, हे बघायचं. प्रत्येकीचे अहवाल एका पिशवीत, तारखेप्रमाणे, तिच्या स्वतःच्या ताब्यात ठेवायचे. अचानक पाय लुळे पडले, छातीत धडधड झाली, ठोके मंद वाटले किंवा लघवी कमी झाली, तर सकाळची वाट न बघता १०८ ला फोन करायचा. आणि डायलिसिसवर असलेल्या बाईबरोबर जायला पाळीपाळीने सोबत द्यायची. सोबतीची पाळी पुढच्या महिन्यापासून लावू. कोण कोणत्या वारी जाईल, त्यांची नावं आजच वहीत लिहून घेऊ.