भादलीचा उमेदवारी अर्ज

पुरुषोत्तमनगरच्या आणि साऱ्या शहादा तालुक्यातल्या श्रोतेहो, समलिंगी आणि तृतीयपंथी माणसांची चळवळ म्हटली की मुंबई-पुण्याचे मोर्चे डोळ्यांसमोर येतात. मला मात्र आज आपल्या खानदेशातल्याच एका उमेदवारी अर्जाविषयी बोलायचं आहे.

जळगाव तालुक्यातलं भादली बुद्रुक. डिसेंबर 2020, ग्रामपंचायतीची धामधूम. अंजली गुरू संजना जान यांनी महिलांसाठी राखीव जागेवर अर्ज भरला. लिंगाच्या रकान्यात त्यांनी 'स्त्री' असं नोंदवलं होतं. त्या तृतीयपंथी आहेत म्हणून छाननीत अर्ज बाद झाला. एखादी घरी बसली असती. त्या औरंगाबाद खंडपीठात गेल्या. 2 जानेवारी 2021 रोजी न्या. रवींद्र घुगे यांनी निकाल दिला: आपलं लिंग कोणतं हे ठरवण्याचा हक्क त्यांचा आहे, अर्ज स्वीकारा. मग मतदान झालं आणि गावानं त्यांना निवडून दिलं. कोर्टानं फक्त दार उघडलं होतं, मतं गावकऱ्यांनी दिली. मला त्याचंच अप्रूप वाटतं.

हा हक्क आला सर्वोच्च न्यायालयाच्या 2014 च्या 'नालसा' निकालातून. ठाण्याच्या लक्ष्मी नारायण त्रिपाठी त्या खटल्यात उभ्या होत्या. त्याच्या चारच महिने आधी त्याच न्यायालयानं समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारं कलम 377 कायम ठेवलं होतं. ते 2018 मध्ये सैल झालं, तेव्हा न्यायमूर्तींनी याच 'नालसा'चा आधार घेतला. म्हणजे समलिंगींसाठी वाट कुणी पाडली ते बघा.

समलिंगी तरुणाला गप्प राहून दिवस काढता येतात. ती घुसमटही जीवघेणीच. पण साडी नेसून शहाद्याच्या बाजारात उतरणाऱ्या तृतीयपंथीयाला लपायला जागाच नसते. पहिला मार तिला बसतो आणि व्यासपीठावर खुर्ची शेवटची मिळते. अमेरिकेतही हेच घडलं. न्यूयॉर्कमध्ये समलिंगी चळवळीच्या 1973 च्या मेळाव्यात तृतीयपंथी कार्यकर्त्या सिल्व्हिया रिव्हेरा बोलायला उभ्या राहिल्या, तेव्हा आपल्याच लोकांनी त्यांची हुर्यो उडवली.

म्हणून रेशनकार्ड, भाड्याची खोली, सरकारी दवाखान्यात कोणत्या वॉर्डात खाट मिळणार, हे प्रश्न चळवळीनं आधी हातात घ्यावेत. आणि उद्या आपल्या तालुक्यात असा अर्ज कुणी भरला, तर प्रचाराला त्यांच्यासोबत आपल्यातलं कुणीतरी दारोदार फिरावं, ही माझी कळकळीची विनंती आहे.