शार्लट कूपर : एका विजेतीचे चरित्र

(शिक्षक व पंचायत सदस्यांच्या मेळाव्यात केलेले भाषण)



मुलींच्या खेळाचा विषय निघाला की दोन आक्षेप हटकून पुढे येतात. ‘लग्नानंतर खेळ कसला?’ हा पहिला; आणि मुलीच्या ठायी काही शारीरिक उणीव असेल तर ‘तिला मैदानावर कशाला पाठवायचे?’ हा दुसरा. वाद घालण्यापेक्षा मी आज एका स्त्रीचे चरित्र आपल्यापुढे ठेवतो.

शार्लट कूपर यांचा जन्म २२ सप्टेंबर १८७० रोजी लंडनजवळील ईलिंग येथे झाला. वडील पिठाच्या गिरणीचे मालक होते. गावच्याच क्लबात त्या टेनिस शिकल्या. त्या काळी स्त्रियांना घोट्यापर्यंत पोहोचणारा झगा घालूनच खेळावे लागे. तरीही शार्लट यांचा खेळ चढाईचा होता. जाळ्याजवळ धावून जाऊन चेंडू जमिनीवर पडण्याआधीच त्या परतवीत. १८९५ साली त्यांनी विंबल्डनचे अजिंक्यपद प्रथम मिळविले.

पुढच्याच वर्षाच्या सुमारास, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, त्यांची श्रवणशक्ती गेली. टेनिसपटूला चेंडू जसा दिसावा लागतो, तसा ऐकूही यावा लागतो; रॅकेटच्या आवाजावरून फटक्याचा जोर कळतो. हा आधार तुटल्यावर शार्लट यांनी सारा भरवसा डोळ्यांवर आणि पावलांवर ठेवला. १८९६ आणि १८९८ साली त्या पुन्हा विजयी झाल्या. १८९५ ते १९०२ अशी सलग आठ वर्षे विंबल्डनचा अंतिम सामना त्यांच्याविना झाला नाही.

१९०० साली पॅरिसच्या ऑलिंपिकमध्ये स्त्रियांना प्रथमच प्रवेश मिळाला. सुमारे हजार खेळाडूंत स्त्रिया होत्या अवघ्या बावीस! ११ जुलै रोजी शार्लट यांनी फ्रान्सच्या एलेन प्रेव्हो यांना ६-१, ६-४ असे हरविले आणि वैयक्तिक स्पर्धा जिंकणारी पहिली ऑलिंपिक महिला हा मान मिळविला. रेजिनाल्ड डोहर्टी यांच्या साथीने मिश्र दुहेरीतही त्या जिंकल्या. सुवर्णपदक मात्र त्यांना मिळाले नाही, कारण ती प्रथा १९०४ साली सुरू झाली.

जानेवारी १९०१ मध्ये आल्फ्रेड स्टेरी यांच्याशी त्यांचा विवाह झाला. त्याच वर्षी विंबल्डन पुन्हा त्यांचे झाले. पुढे दोन अपत्ये झाली; आणि १९०८ साली, वयाच्या सदतिसाव्या वर्षी, दोन मुलांच्या या आईने पाचव्यांदा अजिंक्यपद मिळविले. महिला एकेरीची सर्वांत वयस्क विजेती हा त्यांचा विक्रम आजही अबाधित आहे. कन्या ग्वेन हिनेही पुढे टेनिसमध्ये नाव कमावले. १० ऑक्टोबर १९६६ रोजी, शहाण्णवाव्या वर्षी, स्कॉटलंडमध्ये शार्लट यांचे निधन झाले.

मित्रहो, शार्लट यांच्या घरची परिस्थिती बरी होती, क्लब जवळ होता, हे आपण विसरता कामा नये. गुण अंगी असले तरी त्यांना मैदान लागते. ते मैदान गावोगावच्या मुलींना मिळवून देणे पंचायतीच्या हाती आहे. वर्गातील मूल ऐकू येत नाही म्हणून खेळाच्या तासाला कडेला बसत असेल, तर त्याला हात धरून रांगेत आणणे शिक्षकांच्या हाती आहे. शिट्टी ऐकू येत नसेल, तर हात वर करून खूण करता येते. त्यासाठी कोणत्याही मंजुरीची वाट पाहावी लागत नाही.